अकराव्या पानावरचा नावाडी

तिच्या नावानं छापलेली एक वीस पानी इंग्रजी पुस्तिका आहे. तिच्यात अकराव्या पानावर तिच्या वडिलांविषयी मजकूर आहे. ज्यांना खरी हकीकत माहीत आहे, त्यांना तो वाचून वाटेल की या बाईनं आपल्या बापाचं कृत्य लपवलं. तिनं लपवलं नाही. ते मी लपवलं. एवढं एक वाक्य लिहायला मला पंधरा-सोळा वर्षं लागली, आणि दरम्यान ती गेली.

ती लॅटव्हियाची. तो देश युरोपियन युनियनमध्ये आल्यावर तिकडची माणसं कामासाठी इकडे येऊ लागली, त्यांत ती आली. पण साठीला टेकलेली अशी ती एकटीच मी पाहिली. आमची मुलगी लग्न होऊन एजवेअरला गेली होती. वॉटफर्डच्या घरातली मागची खोली रिकामी होती. बायकोनं कोपऱ्यावरच्या दुकानात कार्ड लावलं आणि तिसऱ्या दिवशी दारात ही उभी राहिली. उंच, सरळ, अंगात पुरुषी रेनकोट, हातात एकच सूटकेस. बायकोनं पहिला प्रश्न विचारला, “घरात मांस शिजवायचं नाही, चालेल ना?” तिचा प्रश्न वेगळा होता. “खिडकीतून पाणी दिसतं का?”

खिडकीतून शेजाऱ्याची शेड आणि रेल्वेचा बांध दिसायचा. तसं सांगितल्यावर ती म्हणाली, “ठीक आहे. मग खिडकी उघडी ठेवीन.” जानेवारीतसुद्धा ती उघडी असे. हीटिंग चालू आणि खिडकी उघडी, यावरून बायकोचा दर आठवड्याला एकदा संताप व्हायचा.

काम ती एका वृद्धाश्रमाच्या लाँड्रीत करायची. पण फॉर्मवर ‘व्यवसाय’ लिहिलेला दिसला की ती ‘गायिका’ असंच लिही. तिकडे, दौगावा नदीच्या काठी एक छोटं गाव आहे, तिथल्या गायकवृंदात ती तीस वर्षं पहिल्या रांगेत उभी राहिली होती. एकटीचंही गाणं व्हायचं. एकदा रेडिओवर झालं होतं. त्याविषयी तिला विशेष काही वाटत नसे, कारण ते बंद खोलीत झालं होतं. छपराखाली गाणं कोंडतं, असं तिचं म्हणणं. आमच्या घरात ती कधी गुणगुणलीसुद्धा नाही. रविवारी सकाळी पार्कातून कॅनॉलपर्यंत चालत जायची, पाण्याकडे तोंड करून उभी राहायची आणि मोकळ्या गळ्यानं गायची. कुत्री फिरवणारी मंडळी लांबून वळसा घालत. एकदा मी बरोबर होतो. एका इंग्रज बाईनं जवळ येऊन विचारलं, “आर यू ऑलराइट, लव्ह?”

“नाही,” ती म्हणाली. “मी गातेय.”

वॉटफर्डमध्ये खरी नदी असताना कॅनॉलवर का जाता, असं मी विचारलं. तिनं आमच्या कोल्न नदीचा एकाच वाक्यात निकाल लावला. “जिच्यात बदकाचे पाय तळाला टेकतात, ती नदी कशी?”

आमच्या रस्त्यावर लिंडनची झाडं आहेत. जूनअखेर त्यांना फिकट फुलं येतात. तीस वर्षं मी त्या झाडांखाली गाडी लावतोय, काचेवर चिकट पडतं म्हणून कौन्सिलला दोनदा तक्रारही केली होती. तिनं स्टूलवर चढून ती फुलं तोडली, वर्तमानपत्रावर पसरून आमच्या गरम पाण्याच्या टाकीजवळच्या उबदार कपाटात वाळवली आणि हिवाळाभर त्यांचा चहा प्यायली. बायको म्हणाली, “अहो, कपाटात चादरी ठेवायला जागा नाही.” मी म्हटलं, “सांग मग तिला.” बायको म्हणाली, “मी नाही बाई. तुम्हीच सांगा.” कुणीच सांगितलं नाही. पुढे बायकोही तो चहा पिऊ लागली.

दोघींचं मेतकूट जमलं ते एका डब्यावरून. बायको तिला घेऊन वेम्बलीला गेली होती आणि एका दुकानात शहाजिऱ्याचा डबा उघडून हिनं नाकाशी धरला. तिच्या गावी उन्हाळ्यातल्या सणाला चीझ करतात, त्यात अशाच वासाचं बी लागतं. बराच वेळ हुंगून ती म्हणाली, “हा त्याचा चुलतभाऊ आहे. पण घरात घेण्यासारखा आहे.” त्यानंतर आमच्या फडक्यांत पनीरच्या जोडीनं तिचं चीझही टांगलेलं असायचं. बायको मला ‘अहो’ म्हणते हे ऐकून तीही मला ‘अहो’ म्हणू लागली. बायकोनं तिला थांबवलं. “दुसरं काहीही म्हणा. एवढं माझ्याकडे राहू द्या.” मग मी ‘मिस्टर एडिटर’ झालो.

तसा मी रेल्वेच्या टाइमटेबल ऑफिसातून निवृत्त झालेला माणूस. पण आमच्या मराठी मंडळाची दिवाळी स्मरणिका वीस-बावीस वर्षं माझ्याकडे होती. लेख मागवणं, टाइप करणं, मुद्रितं तपासणं, छापखान्याशी भांडणं, सगळं मीच. माझी एक पद्धत होती. कुणी वडिलांवर लेख लिही आणि त्यात त्यांचं पिणं येई, तर ते मी काढत असे. कुणी सासूच्या आठवणीत एखादं कडू वाक्य लिही, ते काढत असे. गेलेल्या माणसाविषयी वाईट छापायचं नाही आणि हयात माणसाला तर दुखवायचंच नाही. लेखक रागावत नसत. उलट छापलेला लेख वाचून कित्येकांनी माझे आभार मानले. माझ्या हातून गेलेल्या स्मरणिकांत एकही वाईट माणूस सापडणार नाही. एवढी सगळी चांगली माणसं एकाच मंडळात कशी आली, असं मला कुणी विचारलं नाही.

तिच्या गावाचा इतिहास म्हणजे घरं होती. धक्क्यापासून नदीच्या कडेनं वर जाणारा एक रस्ता, त्यावरची घरं तिला ओळीनं पाठ होती आणि प्रत्येक घराचं एक गाणं होतं. चारच ओळींचं. माझी आई जात्यावर बसली की घरातल्या एकेकाला ओवीत आणायची, साधारण तशी ती गाणी. त्यात राजे नव्हते, लढाया नव्हत्या. पाव भाजणारीची कमरेतून वाकलेली चाल होती, दोन भावांनी एका गाईवरून धरलेला अबोला होता, खिडकीत कायम मेणबत्ती ठेवणारी म्हातारी होती. मी एकदा विचारलं, रशियन, जर्मन, पुन्हा रशियन, हे सगळं कुठे आहे तुमच्या इतिहासात? ती म्हणाली, “झेंडे बदलले. पण पाव भाजणारी तीच होती. तिचं सांगा आधी.”

कॅनॉलवर ती हीच घरं ओळीनं गायची. मला भाषा कळत नव्हती, पण एक गोष्ट लक्षात आली. सहा गाणी झाली की ती थांबायची. तोंड मिटून, पाण्याकडे बघत, रेनकोटावर बोटांनी ताल धरून चार ओळींइतका वेळ उभी राहायची. मग पुढचं गाणं. मला वाटलं, सातवं विसरलीय. तसं विचारलं.

“विसरले नाही. त्या घराचं गाणं मला येत नाही. ते त्यांच्या भाषेत होतं.”

“कुणाच्या?”

याचं उत्तर तिनं पुढे जेवणाच्या टेबलाशी दिलं.

महायुद्धानंतर आलेल्या लॅटव्हियन निर्वासितांचा एक क्लब मिडलंड्समध्ये आहे. दर जूनमध्ये त्यांचा उन्हाळ्याचा सण होतो. तिथल्या लोकांनी तिला गायला बोलावलं आणि सोबत गावाविषयी एखादी पुस्तिका काढू म्हणाले. तिनं मला विचारलं. ती सांगणार, मी टाइप करणार. मी म्हटलं, लॅटव्हियनमध्ये का नाही लिहीत, तुम्हाला सोपं जाईल. ती म्हणाली, “ज्यांनी वाचायला हवं, ते लॅटव्हियन वाचणार नाहीत. कुठे असतील ते माहीत नाही. अमेरिकेत असतील, इस्रायलमध्ये असतील. कदाचित कुणीच नसेल. तरी इंग्रजीत पाहिजे.”

दोन महिने दुपारी, तिची शिफ्ट संपल्यावर, आम्ही जेवणाच्या टेबलाशी बसायचो. तिचंही इंग्रजी उसनं, माझंही. त्यामुळे वाक्यं छोटी झाली आणि चांगली झाली. बायको एका टोकाला भाजी निवडत असायची. सहा घरं झाली. सातव्या घराच्या दिवशी ती आत गेली, रेनकोट घालून बाहेर आली आणि उभी राहिली. उभ्यानंच तिनं सांगितलं. तो मजकूर माझ्या पहिल्या फाइलमध्ये आहे. मराठीत तो असा होतो:

“सातवं घर घड्याळजीचं. त्याचं नाव हिर्श. बायकोचं नाव हाया. मुली लेया आणि रिव्का. एक तान्हा मुलगा होता, त्याचं नाव माझ्या आईला शेवटी आठवलं नाही. हे लोक ज्यू होते. एकेचाळीसच्या उन्हाळ्यात जर्मन आले आणि बंदुका घेतलेली माणसं दारोदार फिरली, त्यांत आमच्या गावची माणसंही होती. माझे वडील होडी चालवत. त्यांनी या कुटुंबाला नदीपलीकडे नेलं. पलीकडे जंगल आहे आणि जंगलात खड्डा खणलेला होता. वडिलांना ते माहीत होतं. परत येताना होडी रिकामी होती. त्याच वर्षी पानगळीत माझे आईवडील सातव्या घरात राहायला गेले. मी त्या घरात जन्मले. त्या घरातल्या पियानोवर सूर लावायला शिकले. माझा आवाज तिथून आला आहे. पुढे रशियनांनी माझ्या वडिलांना सैबेरियात नेलं आणि ते तिथे मेले. या दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या आहेत. ज्यानं एक वाचली त्यानं दुसरीही वाचावी.”

बायकोच्या हातातली शेंग तशीच राहिली होती. सांगून झाल्यावर ती बाई रेनकोट काढून आपल्या खोलीत गेली. त्या संध्याकाळी बायको मला म्हणाली, “आपल्यात कुणी बापाविषयी असं बोललं असतं का हो?” मी म्हटलं, “आपल्यात असं झालेलं नाही.” आमचं लग्न होऊन तेव्हा अडतीस वर्षं झाली होती. माझं लहानपणचं घर तिनं पाहिलं होतं.

मुद्रितं आली. तिनं एकेका ओळीखाली बोट धरून दोन दिवस वाचली. अकराव्या पानावर तिचं बोट बराच वेळ होतं. मग शेवटच्या पानावर सही केली आणि म्हणाली, “हे एकदा छापलं, की मी गावी जाऊन गाऊ शकते.” तोवर ती आई गेल्यापासून गावात गायली नव्हती. आईनं शेवटच्या आजारात हे सगळं सांगितलं आणि त्यानंतर त्या रस्त्यावर तोंड उघडणं तिला जमलं नाही. इंग्लंडला ती लाँड्रीसाठी आलेली नव्हती, हे मला तेव्हा कळलं.

आणि मग छापखान्यातून फोन आला. मजकूर आठ-नऊ ओळींनी विसाव्या पानाच्या बाहेर जात होता. मध्ये पिन मारून दुमडायची पुस्तिका चाराच्या पटीतच निघते. वीस, नाहीतर चोवीस. चोवीस केली तर मागे तीन कोरी पानं. त्या माणसानं विचारलं, चोवीस करू, की तुम्ही थोडं कमी करता? स्मरणिका काढणाऱ्याला हा प्रश्न नवा नसतो. मी म्हटलं, कमी करतो, तासाभरात पाठवतो.

कमी करण्यासारखं पुष्कळ होतं. अर्ध्या पानाची चीझची कृती होती. गायकवृंदातल्या बायकांची लांबलचक यादी होती. मी ती पानं उलटून अकराव्यावर आलो आणि ‘हे लोक ज्यू होते’ इथपासून ‘माझा आवाज तिथून आला आहे’ इथपर्यंतचा मजकूर काढला. घड्याळजीची नावंही काढली, कारण मग त्यांना काही संदर्भ उरत नव्हता. शेवटची दोन वाक्यंही काढली. सैबेरिया ठेवला. ‘सातव्या घरात माझे आईवडील राहत. वडील होडी चालवत. रशियनांनी त्यांना सैबेरियात नेलं आणि ते तिथे मेले.’ वाचायला सुरेख झालं. काम तासाचं नव्हतं, दोन मिनिटांचं होतं. मी तिला फोन केला नाही. ती त्या वेळी कामावर होती, हे खरं आहे. आणि संध्याकाळी घरी आल्यावर मी सांगितलं नाही, हेही खरं आहे.

सणाच्या दिवशी मुलगी आम्हाला गाडीनं घेऊन गेली. मोठं कुरण, एका बाजूला तळं, ऊन संध्याकाळी उशिरापर्यंत. पुरुषांनी डोक्याला ओकच्या पानांची कडी घातली होती. मलाही एक घातलं. बायको हसत म्हणाली, “बोहल्यावर निघाल्यासारखे दिसताय.” मुलगी म्हणाली, “बाबा, हलू नको, फोटो काढते.” तो फोटो अजून आहे. त्यात मी फार खूश दिसतो.

पुस्तिका दारातच वाटल्या होत्या. तिनं हातात घेतली नाही; तिला सगळं पाठ होतं. ती तळ्याकडे तोंड करून उभी राहिली, लोक तिच्या मागे गवतावर बसले आणि तिनं धक्क्यापासून सुरुवात केली. त्या दिवशी ती जशी गायली, तसं मी तिला कॅनॉलवर कधी ऐकलं नव्हतं. म्हातारी माणसं ओठ हलवत होती. सहा घरं झाली. ती थांबली. चार ओळींइतकी शांतता गेली. मग ती पहिल्यांदाच लोकांकडे वळली आणि आधी त्यांच्या भाषेत, मग आमच्यासाठी इंग्रजीत म्हणाली, “या घरापाशी मी का गप्प राहते, ते अकराव्या पानावर आहे.”

शंभरेक माणसांनी पानं उलटली. तो आवाज मी ऐकला. बायकोनंही तिची प्रत उघडली, वाचली आणि माझ्याकडे न बघता मिटली.

पहिल्या रांगेतून एक फार म्हातारा गृहस्थ काठी टेकत उठला. त्याचाही कुणी सैबेरियात गेला असावा. त्यानं डोक्यावरचं ओकचं कडं काढलं, तिच्यासमोर वाकला आणि तिच्या हाताचं चुंबन घेतलं. तो रडत होता. मग बाकीचे उठले. सगळ्यांनी कडी काढून हातात घेतली आणि तिच्या वडिलांसाठी उभे राहिले. तिची शांतता त्यांनी वडिलांना वाहिली.

तिला काही कळेना. तिनं त्या म्हाताऱ्याच्या हातातली पुस्तिका घेतली, पान काढलं, बोट धरून वाचलं. बोट खालपर्यंत गेलं. पुढचं पान उलटलं, परत मागे आली, पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचलं. मग पुस्तिका त्याला परत दिली, त्याला धरून खुर्चीवर बसवलं आणि गाडीकडे चालू लागली. पुढची घरं राहिली.

गाडीत ती आणि बायको मागे होत्या. मोटरवेला लागल्यावर तिनं विचारलं, “तुम्ही काढलंत?”

मी म्हटलं, “जागा नव्हती. आठ-नऊ ओळी जास्त होत्या.”

“चीझला होती.”

मी म्हटलं, दुसऱ्या आवृत्तीत घालू. ती हसली. “मिस्टर एडिटर, तुमच्या मंडळाच्या किती पुस्तकांची दुसरी आवृत्ती निघाली?”

मुलगी गाडी चालवताना एकदम बोलली, “बाबा, पण तू तिला विचारला का नाही? तिचा बाबा होता ना, तुझा नाही.” तिचं मराठी असंच आहे. मी म्हटलं, तू समोर बघ.

वॉटफर्ड जवळ आल्यावर ती म्हणाली, “मी त्यांना तिथेच सांगू शकले असते, असं तुम्हाला वाटत असेल. तो म्हातारा रडत होता. त्याचे ओठ माझ्या हाताला लागले होते. माझ्यात एकदा सांगण्याइतकं धैर्य होतं, मिस्टर. साठ वर्षांत तेवढंच जमलं होतं. ते तुम्ही संपवलंत.”

यानंतरही ती तीन महिने आमच्याकडे होती. बायकोशी बोलायची, माझ्याशी गुड मॉर्निंग होतं. रविवारी कॅनॉलवर जायची. एकदा मी लांबून मागे गेलो. ती पाण्याकडे तोंड करून उभी होती, बोटं रेनकोटावर ताल धरत होती, आणि तोंड मिटलेलं होतं. पहिल्या घरापासून. मी शेवटपर्यंत थांबलो. प्रत्येक घराला तिनं तेवढाच वेळ दिला.

ऑक्टोबरमध्ये ती पूर्वेकडच्या किनाऱ्याला, भाज्यांच्या पॅकिंगच्या कामाला गेली. निघताना बायकोला मिठी मारली, मला हात दिला. वर्षभरानं तिचं एक पाकीट आलं. आत गावाहून तिला आलेला एक फोटो होता. नदी, लाकडी धक्का, धक्क्यावर नवा फलक, फलकावर तिच्या वडिलांचं नाव. क्लबातल्या कुणीतरी पुस्तिकेचं भाषांतर करून गावच्या ग्रंथालयाला पाठवलं होतं आणि गावानं सैबेरियात मेलेल्या नावाड्याचं नाव धक्क्याला दिलं होतं. फोटोमागे काही लिहिलेलं नव्हतं. पुढच्या हिवाळ्यात लाँड्रीतल्या तिच्या मैत्रिणीचा बायकोला फोन आला, की ती न्यूमोनियानं गेली. गावी ती परत गेलीच नाही.

जागेचं कारण मी स्वतःला फार वर्षं सांगितलं. ते जुनं झाल्यावर दुसरं सांगितलं, की मी तिचीच लाज राखली. खरं कारण गोदावरीच्या काठी आहे. आमचं गाव निजामाच्या राज्यात होतं. अठ्ठेचाळीस साली फौजा आल्या, राज्य गेलं, तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो. त्या दिवाळीच्या आत आम्ही भाड्याच्या दोन खोल्या सोडून नदीकाठच्या एका मोठ्या घरात राहायला गेलो. घर एका मुसलमान कुटुंबाचं होतं आणि रिकामं होतं. का रिकामं, हे मला कुणी सांगितलं नाही, पण मी ते विचारलं नाही, याचाच अर्थ मला ते माहीत होतं. चुलीत अर्धवट जळालेली लाकडं होती. परसात एका लहान मुलीची चप्पल होती, एकच, ती आईनं मला विहिरीत टाकायला सांगितली. वडील चांगले मास्तर होते. त्यांच्यावर मी स्मरणिकेत लेख लिहिला आहे. त्यात ते घर आहे, घाट आहे, पुराचं पाणी उंबऱ्याला लागायचं ते आहे. लोकांना तो लेख आवडला होता.

परक्या देशातली एक लाँड्रीतली बाई माझ्या टेबलाशी उभी राहून जे करत होती, ते मी साठ वर्षांत केलं नव्हतं. तिचा परिच्छेद छापून आला असता तर मला रोज त्याच्या शेजारी माझा लेख ठेवावा लागला असता. म्हणून काढला.

बायको गेल्या वर्षी गेली. शेवटच्या महिन्यात हॉस्पिटलमध्ये तिनं मला दोन गोष्टी सांगितल्या. एक गॅसच्या करारासंबंधी होती. दुसरी, “अहो, त्या बाईचं पान तेवढं नीट करा.”

मी ग्रंथालयाला पत्र लिहिलं. काढलेला मजकूर जसाच्या तसा, तिच्या सहीच्या मुद्रितासकट पाठवला. महिन्याभरानं ग्रंथपाल बाईंचं उत्तर आलं. इंग्रजी स्वच्छ होतं. त्यांनी लिहिलं होतं की गावातल्या जुन्या माणसांना होडीची गोष्ट पहिल्यापासून माहीत होती. कुणी बोलत नसे. पुस्तिका येणार असं कळल्यावर मात्र ते वाट बघत होते, की ही तरी सांगेल. पुस्तिका आली, अकरावं पान वाचलं आणि त्यांनी तिचं नाव घेणं सोडलं. धक्क्याच्या समारंभाला त्यातलं कुणी गेलं नाही. पुढे त्यांच्याच शब्दांत: त्यातले दोघे अजून आहेत. त्यांना मी तुमचं पत्र वाचून दाखवलं. त्यातल्या एका आजींनी विचारलंय, की तिनं सांगितलं होतं, तर ज्यानं काढलं त्यानं का काढलं? मजकूर आम्ही प्रदर्शनात लावतो आहोत आणि फलकाचा विचार कौन्सिल करील. त्याखाली तुमचं कारण लिहायचं आहे. दोन-तीन ओळी पाठवाव्यात.

मी ‘जागेअभावी’ असं लिहिलं आणि खोडलं. मग गावी थोरल्या बहिणीला फोन केला. ती अठ्ठ्याऐंशीची आहे; कान गेले, पण आठवण पक्की. तिला विचारलं, “ताई, नदीवरच्या घरात आपल्याआधी कोण राहत होतं?”

“कोण म्हणजे? होते ते लोक. गेले ना ते.”

“कुठे गेले?”

“आता काय विचारतोस? जेवलास का?”

“ताई, त्यांचं नाव काय होतं?”

ती म्हणाली, “त्यांची पोर माझ्या वर्गात होती रे. माझ्या शेजारी बसायची.” आणि मग, “नाव नाही आठवत. खरंच नाही आठवत.”

ग्रंथालयाला मी जे पाठवलं, ते हे: या बाईंनी सगळं सांगितलं होतं, नावांसकट. संपादकानं त्यांना न विचारता ते काढलं. तो स्वतः अशाच एका घरात वाढला आहे, आणि त्या घरातल्या माणसांपैकी एकाचंही नाव त्याला सांगता येत नाही.